हात खाली होईपर्यंत

१

शूटिंग संपलं की सगळ्यांना घाई सुटते, आणि नेमकं तेव्हाच मला सगळ्यांना एक मिनिट गप बसवायचं असतं. मी साउंडवाली. मुलाखत झाली की त्याच खोलीत, त्याच माणसांत, साठ सेकंद नुसती शांतता रेकॉर्ड करून ठेवायची. आमच्यात याला रूम टोन म्हणतात. पुढे एडिटर माणसाचं बोलणं कापतो, जोडतो आणि मधल्या फटी या शांततेनं बुजवतो. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते, एकीची दुसरीला चालत नाही. मी हात वर करते. हात वर आहे तोवर कुणी खोकायचं नाही, खुर्ची सरकवायची नाही. हात खाली झाला की माणसं सुटतात.

गेल्या मे महिन्यात आम्ही जालना जिल्ह्यात होतो. कॅसेटच्या जमान्यावर माहितीपट चालला होता. सध्या हेच खपतं. सिनेमा बघायला कुणाला वेळ नाही, पण सिनेमा कसा झाला, कुणी कुणाला बुडवलं, कोणती नटी कुठे रडली, याचे चार-चार भाग लोक जेवता जेवता संपवतात. आमच्या दिग्दर्शिका साधना मॅडम पुण्याच्या. त्यांच्या अशा दोन मालिका जोरात चालल्या, म्हणून ही तिसरी. विषय होता परतूरच्या काकासाहेबांची 'पळसफूल' कॅसेट कंपनी आणि तिची हळदीची गाणी. कंपनी बंद पडून वीस वर्षं झाली, तरी त्या गाण्यांशिवाय आजही आमच्याकडे हळद लागत नाही.

पहिली मुलाखत भोकरदन तालुक्यातल्या पिंपळगाव रेणुकाईला, ढोलकीवाले तातेराव यांची. दार लावलं, पंखा बंद केला, छान बोलले. शेवटी मी हात वर केला, साठ सेकंद घेतले. परतताना गाडीत हेडफोन लावून तपासत होते. विसाव्या सेकंदाला लांबून रेल्वे गेली. डबे मोजता येतील इतकी सावकाश गेली.

भोकरदन तालुक्यात रेल्वे नाही.

२

"ट्रॅक्टर असेल," कॅमेरामन आदिनाथ म्हणाला. "ट्रॉली रिकामी असली की तसाच आवाज येतो."

मीही तेच धरून चालले. यंत्र म्हटलं की खोड आलीच. जुनं कार्ड नीट पुसलं गेलं नसेल, कधीतरी रेल्वेजवळ काम केलं असेल. रात्री कार्ड बदललं, वायरी बदलल्या. एक गोष्ट मात्र मनातून जाईना. त्या साठ सेकंदांत तातेरावांच्या घराचं काहीच नव्हतं. त्यांच्या पत्र्यावर कबुतरं घुमत होती, मी माझ्या कानांनी ऐकली होती. रेकॉर्डिंगमध्ये एकही कबुतर नव्हतं. एका बंद, जाड, कोंदट खोलीची शांतता होती ती.

आता मी कोण ते सांगते. साधना मॅडमना मी सांगितलं नव्हतं. हळदीच्या गाण्यांमधला तो आवाज, ज्याच्यावर अजून बाया नाचतात, तो माझ्या आईचा. गिरिजाबाई संपत, केदारखेड्याची. विहारात भीमगीतं गायची, तिथं काकासाहेबांनी ऐकलं आणि परतूरला नेलं. कॅसेटवर नाव छापलं 'गायिका व संच', आणि फोटो कुठल्या तरी गोऱ्या बाईचा. अठ्ठ्याण्णव सालच्या मे महिन्यात आई सकाळी रेकॉर्डिंगला गेली आणि संध्याकाळी जीपमधून आली. काकासाहेब स्वतः सोबत होते. म्हणाले, काम आटोपून निघाली होती, बसस्टँडवर ऊन लागलं, दवाखान्यात नेईपर्यंत राहिली नाही. फार रडले म्हणे. मी तेव्हा पाच वर्षांची होते.

ही मालिका निघणार कळलं तेव्हा मी हातातलं दुसरं चांगलं काम सोडून इथे आले. मला त्या माणसाला माइक लावायचा होता.

३

दुसरी मुलाखत जालन्यात, तुळजाबाईंची. त्या आईमागे कोरसला असायच्या. आता सांधेदुखीनं मनगटं सुजलेली, हातात बांगडी नाही.

"बांगड्यांचा लई वैताग," त्या सांगत होत्या. "एक बांगडी किणकिणली की अख्खं गानं पुन्ना. म्हनून रुमाल बांधायचो, दोन्ही मनगटांवर, बांगड्यांच्या वरून, घट्ट. भाईर निघालं की पयले रुमाल सोडायचे, मंग पानी प्यायचं. हात आखडून जायचे न."

"आणि गाणं सुरू कधी करायचं, ते कसं कळायचं?" साधना मॅडमनी विचारलं.

"काकासाहेब काचेच्या पल्याड हात वर करायचे. हात वर हाये तवर श्वास बी हळू. हात खाली आला की उचलायचं. आमची चूक व्हायची. गिरिजा मात्र बराबर. हात खाली आल्याबिगर ती हुंकार बी देत नव्हती."

मी हेडफोनच्या आत मान खाली घालून बसले होते. मग माझी पाळी आली आणि मी हात वर केला. तुळजाबाईंनी माझ्या हाताकडे पाहिलं आणि डोळे मिटून घेतले.

या वेळी मी तपासायची वाट पाहिली नाही, रेकॉर्ड होतानाच ऐकत होते. बाहेर नव्या जालन्याचा रस्ता वाहत होता, तो हेडफोनमध्ये नव्हताच. ती कोंदट खोली होती. तिच्यात बांगड्या वाजल्या. खणखणीत नाही, कापडाखालून, दबून. कुणीतरी मऊ कशावर तरी हात आपटत होतं. तीनदा. थांबून पुन्हा तीनदा. मग बराच वेळ काही नाही.

साठ सेकंदांच्या पुढेही माझा हात वरच राहिला. मॅडमनी खांद्याला हात लावला तेव्हा खाली आला.

४

त्या संध्याकाळी मी केदारखेड्याला गेले. बाबा ओट्यावर बसले होते. मी विचारायचं ते सरळ विचारलं. आई घरी आली तेव्हा तिच्या हातांवर रुमाल होते का?

बाबांनी माझ्याकडे बघितलं. आत गेले. बाबासाहेबांच्या तसबिरीखाली पत्र्याची पेटी असते, तिच्यातून दोन रुमाल काढून आणले. पांढऱ्याचे पिवळे झालेले, गाठींच्या जागी अजून चुरगळलेले.

"गाठी म्याच सोडल्या," ते म्हणाले. "खालच्या बांगड्या फुटेल व्हत्या, दोन्ही हातांच्या. बसस्टँडवर पडली म्हनं. मंग रुमाल बांधून ती बसस्टँडवर कायला जाईल? म्या इचारलं व्हतं तवाच. काकासाहेब म्हनले, दुखात मानूस काई बी बोलतो."

"मग?"

"मंग काय. मोठा मानूस. आपलं कोन ऐकतं." त्यांनी रुमाल माझ्या हातात दिले. "पोरी, मला त्याला शिक्षा-बिक्षा न्हाई पायजे. म्हातारा झाला. फकस्त त्याच्या तोंडून एकदा यिऊ दे, का ती कुठं मेली. मला सव्वीस वर्सं येकच कळून न्हाई राह्यलं, ती कुठं मेली."

बाबांना शिक्षा नको होती. मला हवी होती. रुमाल मी माइकच्या बॅगेत तळाशी ठेवले आणि चेन लावून घेतली. ठरवलं होतं की मुलाखत रंगात आली की कॅमेऱ्यासमोर त्याच्या मांडीवर ठेवायचे.

५

परतूरला काकासाहेबांचं घर स्टेशनपासून जवळ. मागच्या अंगणापलीकडे जुना स्टुडिओ. बाहेरची खोली यंत्रांची, आतली गाण्याची, मधे दुहेरी काच. आतल्या खोलीला खिडकी नाही. चारी भिंतींना कापसाच्या गाद्या ठोकलेल्या, दारालाही आतून गादीच. साधना मॅडमना भारी आवडलं. मुलाखत आतच घ्यायची म्हणाल्या.

काकासाहेब चौऱ्याहत्तरचे. पांढरं धोतर, ताठ मान. मी कॉलर माइक लावत होते, तेव्हा त्यांच्या अंगाला अत्तराचा वास येत होता. मला ओळखण्याचं कारण नव्हतं.

माणूस गोड बोलला. मराठवाड्याच्या मातीचा आवाज जगापुढं आणला म्हणाला. आईचा विषय निघाला तेव्हा त्यानं चष्मा काढून डोळे टिपले. "गिरिजा म्हणजे माझी लेकच. उन्हाची चालत निघाली. मी म्हणत होतो, थांब, गाडीनं सोडतो. पण तिला घरी जायची जल्दी. लहान पोरगी होती तिला."

ती लहान पोरगी हेडफोन लावून तीन फुटांवर बसली होती. मी बॅगेकडे हात नेला आणि तेवढ्यात लांबून रेल्वे गेली. सावकाश, डबे मोजता येतील अशी.

मॅडमनी "थांबूया" अशी खूण केली, गाडी जाऊ देऊ म्हणून. मी थिजून बसले होते. पिंपळगावला ऐकलेली गाडी हीच होती. जालन्यात ऐकलेली शांतता हीच होती. गेले आठ दिवस जिथं जाईन तिथं मी हीच खोली रेकॉर्ड करत होते. आणि दाराला ठोकलेल्या गादीवर, खांद्याच्या उंचीला, कापड फाटून कापूस बाहेर आला होता. तेवढ्याच जागी.

रुमाल काढायचे राहून गेले. मुलाखत संपली.

६

उकाड्यानं सगळे भाजून निघाले होते. आदिनाथ कॅमेरा आणि दिवे घेऊन स्टेशनची दृश्यं टिपायला गेला. काकासाहेबांच्या पत्नी पुष्पाबाई मॅडमना हाक मारत होत्या, आमरस काढून ठेवला होता.

"तू ये मागून," मॅडम म्हणाल्या. "रूम टोन घेऊन टाक."

काकासाहेब खुर्चीतून उठत होते. मी म्हटलं, "काका, एक मिनिट बसा. खोलीत माणूस लागतो. मी बाहेरच्या खोलीतून घेते."

"म्हाईत हाये मला," ते हसले. "मीच करून राह्यलो आयुष्यभर. हात कोन करनार?"

"मी."

दार लावलं तर ते हळूच उघडायचं. आतला खटका कधीचा मोडलेला, बाहेरून कडी होती. ती लावली. लावावीच लागली, असं मी म्हणू शकते. मग काचेपुढे बसले, हेडफोन चढवले, हात वर केला.

चाळीस सेकंद झाले आणि लाईट गेली.

माझं यंत्र बॅटरीवर चालतं. काच काळी झाली, आतलं काही दिसेना. पण यंत्राचा हिरवा उजेड माझ्या हातावर पडत होता. म्हणजे त्याला आतून तेवढंच दिसत असणार, अंधारात वर धरलेला एक हात.

बराच वेळ तो बोलला नाही. सवय मोडत नाही माणसाची. मग खाकरला. "बाई, लाईट गेली. उघडा."

मी उठले नाही.

त्यानं दारावर हात मारले. गादीमुळे बाहेरच्या खोलीत काहीच ऐकू येत नव्हतं, हेडफोन काढून पाहिलं तर अगदी शांत. पुन्हा लावले तर तो हाका मारत होता. मग हाका थांबल्या. आता श्वास ऐकू येत होता. म्हाताऱ्याचा, घरघरता. आणि त्याच्यामागे दुसरा, हळू, गाणं उचलण्याआधी धरून ठेवतात तसा.

"सरक की जरा," काकासाहेब म्हणाले. माझ्याशी नाही. आवाज पडला होता. "गिरिजा. सरक. हवा येऊ दे."

कापडाखालच्या बांगड्या एकदाच हलल्या.

"मी काय मुद्दाम केलं का? लाईट गेली. एकच गानं राह्यल्तं. तू भाईर आली की थंड पानी प्यायची, गळा बसायचा तुझा. म्हनून म्हनलं, हितंच थांब, आवाज करू नको, लाईट आली की येतो. कडी लावावीच लागायची. जेवायला घरात गेल्तो. आमरस झाल्ता. डोळा लागला." तो रडत होता. "लाईट तीनलाच आल्ती गं. पंख्याची हवा लागून राह्यल्ती, म्हनून जाग न्हाई आली. पाचला आलो तर तू दारापाशी, दोन्ही हात वर करून..."

पुढचं त्यानं सांगितलं नाही. की सांगितलं आणि मी ऐकलं नाही, कोण जाणे.

७

मला जे हवं होतं ते मिळालं होतं. बाबांना जे हवं होतं तेही. उठून चार पावलं टाकायची आणि कडी काढायची, एवढंच काम होतं.

माझा हात वर होता. कुणी धरला नव्हता, हे मी स्वतःला बजावते. मनगटाभोवती काही जाणवलं असेल तर ते घामामुळे. हात दुखतही नव्हता. मी काळ्या काचेकडे बघत होते आणि मला बरं वाटत होतं. हे लाजिरवाणं आहे, पण खरं आहे. आतून तो म्हणत होता, "हात खाली कर माय, हात खाली कर." तो हे मला म्हणत होता की तिला, ते मला कळलं नाही, आणि मी समजून घेण्याचा प्रयत्नही केला नाही.

लाईट आली तेव्हा यंत्रावर एकेचाळीस मिनिटं झाली होती. काचेपलीकडे काकासाहेब खुर्चीत ताठ बसले होते, घामानं चिंब. डोळे माझ्या हातावर. त्यांचे दोन्ही हात मांडीवर होते आणि दोन्ही मनगटांवर रुमाल बांधलेले होते. पांढऱ्याचे पिवळे झालेले.

माझी बॅग पायाशी होती. चेन उघडी होती.

मी आत गेले असेन. दुसरं काय असणार? एकेचाळीसपैकी पंधरा-वीस मिनिटंच मला नीट आठवतात, मधे कधीतरी उठले असेन, कडी काढून पुन्हा लावली असेन. पण तेवढ्या वेळात रेकॉर्डिंगमध्ये दार उघडल्याचा आवाज एकदाही नाही. त्या दाराचा आवाज मोठा आहे. मॅडम अंगणातून "प्रीती, झालं का?" असं ओरडत आल्या, तेव्हा मी कडी काढली आणि तो आवाज त्यांनीही ऐकला.

८

साधना मॅडमना मी पहिले चाळीस सेकंद दिले. लाईट गेली, कडीचं ध्यानात राहिलं नाही, घाबरून गेले, असं सांगितलं. त्यांनी विश्वास ठेवला. काकासाहेबांना उन्हाचा त्रास झाला, असं सगळ्यांनी धरून चाललं. उन्हावर ढकललं की आमच्याकडे कुणी पुढं विचारत नाही, हे मला लहानपणापासून माहीत आहे.

पूर्ण रेकॉर्डिंग मी बाबांना ऐकवलं. ओट्यावर बसून त्यांनी दोन्ही हातांनी हेडफोन दाबून धरले होते. एकेचाळीस मिनिटं हलले नाहीत. मग हेडफोन काढून माझ्या मांडीवर ठेवले.

"तुला हे समदं ऐकू यिऊन राह्यल्तं?"

"हो."

"मंग कडी का न्हाई काढली?"

मी हेडफोनची वायर गुंडाळत राहिले. त्यांनी रुमाल मागितले, तेही माझ्याकडे नव्हते. त्या दिवसापासून ते माझ्याशी कामापुरतंच बोलतात. ते रेकॉर्डिंग मी कुणाला देऊ शकत नाही. त्यानं काय केलं ते त्यात आहे, आणि मी काय केलं तेही आहे, मिनिटांसकट.

मालिका दिवाळीत आली आणि तुफान चालली. काकासाहेबांचं ते गोड बोलणं जसंच्या तसं आहे, लेकच होती माझी वगैरे. त्याच्या वाक्यांच्या फटींत माझे चाळीस सेकंद भरलेत. लोकांनी खाली लिहिलंय, म्हातारा बोलतो तेव्हा मागे कुणाच्या तरी बांगड्या वाजतात, एडिटिंग नीट करा. शेकडो जणांनी लिहिलंय.

काल दुपारी पुष्पाबाईंचा फोन आला. त्यांना माझा नंबर कुणी दिला, माहीत नाही.

"बाई, तुमी त्या आवाजवाल्या न?" त्या म्हणाल्या. "ह्यांनी मे महिन्यापासून एक शब्द काढला न्हाई. डाक्टर म्हनतात गळा ठीक हाये. नुस्ते दाराकडं बघत बसतात. हातावरचे रुमाल सोडू देत न्हाईत. पानी बी देऊ देत न्हाईत धड. परवा पाटीवर लिहून दाखवलं, हात खाली न्हाई झाला. मला काय समजंना. तुमी हात वर केल्ता म्हनं तवा. एकदा येऊन तेवढा खाली करून जा, बाई. तुमच्या पाया पडते."

मी घरी पलंगावर पडले होते. डोक्यावर पंखा फिरत होता, हवा छान लागत होती. उठावंसं वाटत नव्हतं.

"येते, काकू," मी म्हणाले. "लाईट आली की येते."